पोळ्याच्या आदल्या दिवशीचा शिक्का

पोळा आठ दिवसांवर आला की आमच्या गावात अजूनही दोन गोष्टींना जोर चढतो, एक झुलींना आणि दुसरा अफवांना. झुली आता कोण शिवून घेतो म्हणा! बैलांच्या जेमतेम पाच-सहा जोड्या उरल्या आहेत. बाकीचं शेत ट्रॅक्टर नांगरतो आणि सणाला लोक ट्रॅक्टरलाच हळदकुंकू लावून फोटो टाकतात. अफवांना मात्र चारा-पाणी लागत नाही. त्या वाढतच आहेत.

गेल्या आठवड्यात सकाळी फोन उघडला तर गावच्या ग्रुपवर एकाखाली एक दोन फोटो. वरच्यात सीमेवरची बातमी, धूर, रणगाडा आणि कोपऱ्यात तिरंगा. खालच्यात तालुक्यातले दोन पुढारी, परवापर्यंत एकमेकांच्या नावानं बोटं मोडणारे, एकाच मोठ्या हारात दोघांची डोकी घालून हसत उभे. दोन्ही फोटोंच्या खाली सारखेच जोडलेले हात. मी फोन पालथा घातला.

"काऊन हो, सकायीच तोंड कडू केलं?" आमच्या मंडळींनी विचारलं.

"काही नाही. पोळा आला."

"तुमाले देवानं डोये नाही देल्ले," ती म्हणाली, "भिंगं देल्ली."

खरं आहे. मी शंकेखोर माणूस आहे. देऊळघाटाकडून आत वळलं की आमचं गाव लागतं, तिथल्या पोस्टाचा मी चाळीसेक वर्षं मास्तर होतो. पोस्ट म्हणजे आमचीच ओसरी, एक टेबल, एक खण, शिक्क्याची डबी आणि भिंतीला टांगलेली लाल पेटी. दुसऱ्याची पाकिटं न उघडता आयुष्य काढलेल्या माणसाला आत काय असेल याचा अंदाज बांधायची खोड लागते. ती काही चांगली खोड नाही. का ते सांगतो.

पंचवीस-सव्वीस वर्षं झाली असतील. त्या वर्षी उन्हाळ्यात दिल्लीतलं सरकार एका मतानं पडलं. गावातल्या प्रत्येकाला तेव्हापासून वाटायला लागलं की ते एक मत म्हणजे आपणच. पाठोपाठ उत्तरेकडच्या बर्फाच्या डोंगरांवर लढाई लागली. मग पाऊस आला, पेरण्या झाल्या, लढाई थांबली असं रेडिओ सांगू लागला, आणि मुगाच्या शेंगा काळ्या पडायच्या वेळेला निवडणूक दारात येऊन उभी राहिली. दिल्लीचं आणि मुंबईचं मतदान एकदमच. लढाई थांबली म्हणून सगळे सांगत होते. तिकडं गेलेली माणसं मात्र अजून तिकडंच होती.

त्या दिवसांचा वास मला आजही येतो. ओल्या मुगाच्या शेंगा ओसरीत पसरलेल्या, त्यांचा कुबट गोड वास. सोयाबीन गुडघ्याच्या वर, शेंगा भरत आलेल्या. मधूनच एखादी सर येई आणि चिखलात जीपचं चाक फसे. त्या पावसाळ्यात आमच्या रस्त्यावर जितक्या जीपा फसल्या तितक्या आधीही नाही आणि नंतरही नाही. ढकलायला माणसं जमत, ढकलून झाल्यावर हातात एक झेंडा मिळे. काही घरांवर दोन-दोन झेंडे होते. मी एकाला विचारलं, "अरे, तू नेमका कोनाचा?" तो म्हणाला, "मास्तर, घर माह्यं हाय. झेंडे त्यायचे हायेत."

जुन्या पक्षाची त्या उन्हाळ्यातच दोन शकलं झाली होती. आमच्याकडचे नानासाहेब, शंभरेक एकराचे धनी, पिढ्यान्‌पिढ्या जुन्या पक्षाचे. शकलं झाली तेव्हा त्यांनी आधी मोठ्या शकलाला हात घातला. तिथं तिकिटाचं जमेना म्हणून महिन्यात लहान शकलाकडं गेले. तिथंही कुणी आडवा आला, तेव्हा आयुष्यभर ज्यांना शिव्या घातल्या त्या तिसऱ्याच तंबूत जाऊन बसले. चार महिन्यांत जीपच्या टपावरचा झेंडा तीनदा बदलला, जीप तीच आणि ड्रायव्हरही तोच. त्यांच्यासमोर भाऊसाहेब. हे आधीपासून त्या तिसऱ्या तंबूत होते आणि नानासाहेब आत आल्याबरोबर रागानं बाहेर पडून नानासाहेबांनीच रिकाम्या केलेल्या जागेवर जाऊन बसले. म्हणजे दोघांनी फक्त खुर्च्या बदलल्या. भाषणंही तशीच्या तशी बदलून घेतली असावीत असा मला संशय होता. नानासाहेबांनी तर आमच्याच चावडीपुढं भाषणाच्या शेवटी सवयीनं जुन्याच पक्षाचा जयजयकार केला. मागच्यानं सदरा ओढला तेव्हा कुठं थांबले. आम्ही हसलो. ते आमच्यापेक्षा मोठ्यानं हसले.

दोघेही मुंबईसाठी उभे होते. दिल्लीची जागा तेव्हा आमच्याकडं राखीव होती, त्यामुळं दिल्लीचा उमेदवार जीपच्या मागच्या बाकावर अंग चोरून बसलेला असे. माईक पुढच्या बाकावर. दोन्ही जीपांत हीच तऱ्हा.

आणि माईकवर काय? लढाई. रस्त्याचं विचारा, लढाई. कापसाचं विचारा, लढाई. एकाला पाण्याचं विचारलं तर म्हणाला, तिकडं जवान बर्फ चघळून राहिले आणि तुम्ही नळ मागता? डोंगरावर हेच चढले होते की काय असं वाटावं. आणि गावातून खरोखर तिकडं गेलेला पोरगा एकच होता, गौतम, पंचफुलाबाईचा.

पंचफुलाबाई विहाराच्या पलीकडच्या वस्तीत राहत. नवरा लवकर गेला. तीन एकर जमीन, एक बैल. जोडीचा दुसरा बैल शेजाऱ्याचा, म्हणून सावडीनं शेत करायचं, आज माझं, उद्या तुझं. पोराला शिकवलं, पोरगा फौजेत भरती झाला. त्यांना स्वतःला अक्षर येत नव्हतं. गौतमचं पत्र आलं की मीच वाचून दाखवत असे. त्या ओसरीवर येत नसत, पायरीवर बसत. "वर या" असं मी म्हणे, पण एकदाच. दुसऱ्यांदा आग्रह केला नाही, हे आता कबूल करतो.

गौतमचा हात मला पाठ होता. पोस्टातल्या माणसाला चेहऱ्यांपेक्षा अक्षरं जास्त ओळखू येतात. त्याचं अक्षर उजवीकडं कललेलं, "जि. बुलढाणा"च्या खाली हमखास दोन रेघा. आत सुरुवातीला जयभीम आणि शेवटी न चुकता चांद्याची चौकशी. चांद्या म्हणजे त्यांचा बैल. "चांद्याच्या खांद्याला आवाळू आलं होतं ते बसलं का?" हे वाक्य मी बर्फाच्या डोंगरावरून आलेल्या पत्रात वाचलेलं आहे.

आषाढ सरला आणि पत्रं थांबली. पंचफुलाबाई दर दोन दिवसांनी येत. "काई आलं काय, मास्तर?" "नाही आलं." "बरं." एवढंच. मग उठताना पदर झटकत. रडल्या नाहीत कधी. एकदा म्हणाल्या, "वस्तीत दोनी जीपा येऊन गेल्या. नानासाहेब माह्या घरचं पानी प्यायले. पयल्यांदाच." मी म्हटलं, "बरं झालं की." तर म्हणाल्या, "हाव. पन ते घरात माह्याकडं नाई पाहून राह्यले होते. भिंतीवरच्या फोटोकडं पाहून राह्यले होते." भिंतीवर गौतमचा वर्दीतला फोटो होता, बुलढाण्याच्या स्टुडिओत काढलेला.

ते वाक्य माझ्या डोक्यात घर करून बसलं. ही माणसं कशाची वाट पाहताहेत? असा विचार करायची लाज वाटत होती, पण येत होता खरा. आजूबाजूच्या जिल्ह्यांत कुठं कुठं तिरंग्यात गुंडाळलेली पेटी आली होती, आणि पेटीच्या मागं कोण चाललं, कुणाचा हार मोठा, हे लोक आठ-आठ दिवस बोलत.

पोळ्याच्या आदल्या दिवशी आमच्याकडं खांदेमळणी असते. वर्षभर जू वाहिलेले बैलांचे खांदे हळद आणि तुपानं चोळायचे आणि त्यांच्या कानात सांगायचं, आज आवतण घ्या, उद्या जेवायला या. त्या दिवशी दुपारी डाकेची थैली आली. मी टेबलावर उपडी केली. निम्मी थैली पुढाऱ्यांच्या पत्रकांनीच भरलेली. सवयीप्रमाणं एकेक उचलून पाठीमागं पोचेचा शिक्का मारत गेलो. ठप, ठप, ठप. आणि एका पांढऱ्या पाकिटावर शिक्का मारून झाल्यावर ते उलटं केलं. फौजेच्या डाकेची गोल मोहर. पत्ता पंचफुलाबाईचा. अक्षर गौतमचं नाही.

सरळ, टाकासारखं उभं अक्षर. "जि. बुलढाणा"च्या खाली रेघ नाही.

 मरणाची बातमी पाकिटातून येत नाही, तार येते, साहेब येतात, हे मला चांगलं ठाऊक होतं. पण ठाऊक असणं वेगळं आणि ते पाकीट हातात असणं वेगळं. समोर बाकावर रामदास बसला होता. रामदास म्हणजे आमच्या गावचा झडत्या म्हणणारा. पोळ्याला तोरणाखाली बैल उभे राहिले की आमच्याकडं खणखणीत आवाजात टोमण्याची दोन-दोन ओळींची गाणी म्हणतात, त्या झडत्या. रामदासच्या जिभेपुढं भले भले टरकत. मागच्याच पोळ्याला त्यानं नानासाहेबांना तोंडावर ऐकवलं होतं:

रस्ता राह्यला कागदावर, पूल गेला पाण्यात,
नानासाहेब बसून राह्यले आमच्या चहापाण्यात!

आणि त्या वर्षी त्याच रामदासच्या गळ्यात नानासाहेबांचा नवाकोरा गमछा होता. पत्रकांचा गठ्ठा न्यायला आला होता.

"कोनाचं हाय, मास्तर?" त्यानं विचारलं.

"कोनाचं नाही," मी म्हणालो आणि पाकीट खणात टाकलं.

आता बघा, त्या घडीला माझं काही फार चुकलं असं मला वाटत नाही. रामदाससमोर ते पाकीट वस्तीत पोचवलं असतं तर अर्ध्या तासात माईकवर गेलं असतं. पण दिवस कलताना पंचफुलाबाई आल्या. एकट्या. हात हळदीनं पिवळे, चांद्याचे खांदे चोळून तशाच आलेल्या. ओसरीत दुसरं कुणी नव्हतं.

"काई आलं काय, मास्तर?"

खण माझ्या गुडघ्याला टेकलेला होता. मनात म्हटलं, उद्या पोळा आहे. एकटी बाई बैल घेऊन तोरणाखाली येणार आहे. एक दिवस, फक्त एक दिवस तिला सणाचा मिळू दे. परवा सकाळी मी स्वतः जाईन, शेजारच्या चार बायांना सोबत घेऊन.

"नाही आलं," मी म्हणालो.

"बरं," त्या म्हणाल्या आणि पदर झटकून गेल्या.

दुसऱ्या दिवशी तिसऱ्या प्रहरी गावाबाहेरच्या मारुतीपुढं आंब्याच्या पानांचं तोरण बांधलं. ऊन छान पडलं होतं. शिंगांना बेगड, पाठीवर गेरूचे ठिपके, गळ्यात घुंगरांच्या माळा. एकानं बैलाच्या एका कुशीवर एका उमेदवाराचं नाव रंगवलं होतं आणि दुसऱ्या कुशीवर दुसऱ्याचं. मानाची पाटलांची जोडी पुढं आणि सगळ्यात शेवटी चांद्या, त्याचा कासरा धरून पंचफुलाबाई. त्या हर हर महादेव म्हणत नसत, हात जोडत नसत. बैलाचा सण म्हणून बैलाला घेऊन येत. दरवर्षी गौतम आणायचा.

रामदास पुढं झाला. आम्ही कान टवकारले.

शिंग रंगवलं बैलाचं, गोंडे बांधले गळ्याले,
नानासाहेब धावून आले आपल्या गावच्या मळ्याले!

कुणी हसलं नाही. मागून एक म्हातारा बोलला, "हे झडती हाय का पत्रक?"

तेवढ्यात जीप आली. नानासाहेब उतरले, पांढरे कपडे, चेहरा पडलेला. मागून दोघांनी एक मोठी चौकट उतरवली. वर कापड होतं. ते काढलं. गौतम. तोच वर्दीतला फोटो, मोठा केलेला, आणि त्याला झेंडूचा जाडजूड हार.  मी तोंड उघडणार इतक्यात दुसरी जीप आली, भाऊसाहेबांची, आणि तिच्यातूनही एक चौकट उतरली! तोच फोटो, हार गुलाबाचा. स्टुडिओवाल्यानं दोघांनाही काढून दिला असणार. नानासाहेबांनी भाऊसाहेबांची चौकट पाहिली आणि भाऊसाहेबांनी नानासाहेबांची. दोघांच्याही तोंडावर मला स्पष्ट दिसलं, आतापर्यंत त्यांच्या मनात जी काही शंका होती ती त्या क्षणी फिटली. त्याला कळलंय म्हणजे खरंच असणार. एकमेकांच्या कुठल्याच शब्दावर कधी भरवसा न ठेवणारे ते दोघे त्या दिवशी एकमेकांच्या हारावर भरवसा ठेवून बसले. रामदासनं बातमी एकाला दिली की दोघांना, हा संशय मला आजही आहे.

"वीर जवान गौतम," कुणीतरी ओरडलं. "अमर रहे!" दोन्ही जीपांतून एकदम आवाज उठला. बैल बुजले.

पंचफुलाबाई मागून पुढं आल्या. चांद्याला घेऊनच आल्या. गर्दी दोन्हीकडं सरकली. त्यांनी एक फोटो पाहिला, मग दुसरा पाहिला. त्यांचे ओठ नुसते हलत होते. मला वाटलं आता पडतील. पडल्या नाहीत.

"कोनं सांगतलं?" त्यांनी विचारलं.

नानासाहेब हात जोडून म्हणाले, "माय, सगळा तालुका तुमच्या पाठीशी..."

"तालुक्याचं नाई इचारून राह्यली मी. कोनं सांगतलं?"

नानासाहेबांनी भाऊसाहेबांकडं पाहिलं. भाऊसाहेबांनी रामदासकडं. रामदासनं मान फिरवली आणि माझ्याकडं पाहिलं. "काल फौजेचं पाकीट आलं पोस्टात," तो म्हणाला. "मास्तरनं खनात टाकलं. त्यायचं तोंड पाह्यलं मी. मले वाटलं..."

मग सगळा गाव माझ्याकडं बघायला लागला. मी पळालो. चपला तिथंच राहिल्या. ओसरीत जाऊन खण उघडला, पाकीट घेतलं आणि तसाच चिखलातून पळत आलो. "वाचा," पंचफुलाबाई म्हणाल्या. घाईत पाकीट नीट फाडता येईना. रामदासनं ते माझ्या हातून घेतलं, उघडलं, कागद मला दिला आणि पाकीट स्वतःकडं ठेवलं.

मी वाचलं. "आई, जयभीम. हे पत्र माझा दोस्त लिहून देऊन राहिला. माझ्या उजव्या हाताले लागलं, दोन बोटं गेली. मी दवाखान्यात आहे, जीवाले काही धोका नाही. लिहायले उशीर झाला म्हणून काळजी करू नको. पोळ्याले चांद्याले माझ्या नावानं पोळी चार."

 चांद्याच्या गळ्यातली घंटी तेवढी वाजली. पंचफुलाबाईंनी डोळे मिटले, उघडले. मग त्या सरळ नानासाहेबांच्या चौकटीपाशी गेल्या, झेंडूचा हार काढला आणि चांद्याच्या गळ्यात घातला. भाऊसाहेबांच्या चौकटीवरचा गुलाबाचाही काढला आणि तोही त्याच्याच गळ्यात.

"आज याचा सन हाय," त्या म्हणाल्या. "याले घाला."

आणि मग जे झालं ते मी मरेपर्यंत विसरणार नाही. ज्या तोंडातून "अमर रहे" निघालं होतं, त्याच तोंडातून दोन श्वासांत "गौतम जिंदाबाद" सुरू झालं. नानासाहेब हसले, भाऊसाहेब हसले, दोघेही फोटोच्या शेजारी उभे राहायला धावले. खुर्च्या बदलायला चार महिने लागले होते त्यांना, पण मेलेल्याकडून जिवंताकडं यायला मिनिटही लागलं नाही. मला किळस आली. मी मनात त्यांना इतक्या शिव्या घातल्या की सांगता सोय नाही. कोल्हे कुठले!

तोवर रामदास ते रिकामं पाकीट उलटंपालटं करून बघत होता.

"शिक्का कालचा हाय," तो मोठ्यानं म्हणाला.

पंचफुलाबाई वळल्या. "काय हाय?"

"हा शिक्का. पोस्टात ज्या दिवशी येते त्या दिवशीची तारीख असते. हे काल दुपारी आलं."

त्यांनी पाकीट हातात घेतलं. त्या काळ्या गोलाकडं बराच वेळ पाहत राहिल्या. काल संध्याकाळी त्या आल्या होत्या, हळदीच्या हातांनी. हे त्यांना आठवलं, मला आठवलं, बाकी कुणाला माहीत नव्हतं. त्यांनी पाकीट कमरेला खोचलं आणि चांद्याला घेऊन वस्तीकडं चालू लागल्या. दोन हार बैलाच्या पायांत येत होते.

मतदान झालं. दोघांपैकी कोण निवडून आलं ते सांगण्यात काही हशील नाही. पुढच्या खेपेला दोघे एकाच पक्षात होते, आणि आता त्यांची पोरं एकाच हारात डोकी घालून उभी आहेत, ती गेल्या आठवड्यातल्या फोटोत मी पाहिलीच. रामदासनं त्या पोळ्यानंतर झडती म्हटली नाही. लोकांनी म्हणूच दिली नाही. तोरणाखाली उभा राहिला की मागून कुणीतरी हमखास विचारी, "यंदा कोनाचं पत्रक हाय बे?"

गौतम दिवाळीनंतर आला. डाव्या हातानं लिहायला शिकला. माझ्याशी नेहमीसारखाच बोलला, चहा प्यायला. त्याला आईनं काय सांगितलं होतं मला माहीत नाही. विचारायची हिंमत झाली नाही.

तो पुन्हा गेल्यावर पत्रं सुरू झाली. पहिलं पत्र द्यायला मी स्वतः वस्तीत गेलो. पंचफुलाबाईंनी ते घेतलं, उलटं केलं आणि शिक्क्यावर बोट ठेवलं. "आजचंच हाय ना, मास्तर?" "हो, आजचंच." त्यांनी मान डोलावली. मग वाचायला दिलं. दुसऱ्या वेळी तसंच. तिसऱ्या वेळी तसंच. पुढं केव्हातरी त्यांनी विचारणं बंद केलं. मला वाटलं, झालं, विसरल्या. सुटलो बाप्पा!

मग एके दिवशी वस्तीतली शिकवणारी मुलगी मला सांगत होती. प्रौढ बायांचा वर्ग घेते ती. म्हणाली, "मास्तर, पंचफुलाआजीचं नवलच हाय. अक्षरं शिकतच नाही. अ म्हटलं की म्हनते, मले नको. फक्त आकडे शिकव. एक ते एकतीस अन् मग बारा महिने. ते आले की उठून गेली, परत आलीच नाही."

मी घरी आलो आणि त्या दिवशी जेवलो नाही. गावात जन्मभर मी पुढाऱ्यांवर संशय घेत फिरलो, त्यांच्या टोप्यांवर, हारांवर, जोडलेल्या हातांवर. आणि गावातली एक बाई माझ्यावरच्या संशयापोटी आकडे शिकली होती. तिनं गावात कुणाला सांगितलं नाही, कधी आवाज चढवला नाही, पायरीवर यायची थांबली नाही. फक्त शिक्का वाचायला शिकली.

परवा त्या आल्या. आता पंचाहत्तरीच्या पुढं गेल्या आहेत, काठी असते हातात. गौतमचा मुलगाही फौजेत आहे, तिकडंच कुठंतरी, जिकडच्या बातम्या ग्रुपवर फिरताहेत. गौतम शेतात होता. बऱ्याच दिवसांनी नातवाचा निरोप आला होता आणि फोन घेऊन त्या इकडं आल्या. मी म्हटलं, "वर या." आणि या खेपेला दुसऱ्यांदाही म्हटलं. त्या वर आल्या, खुर्चीवर बसल्या. भिंतीवरच्या गंजलेल्या लाल पेटीकडं पाहिलं. मग फोन माझ्यापुढं धरला.

मी चष्मा लावला आणि वाचायला लागलो, "आजी, जयभीम..."

त्यांनी हात वर करून मला थांबवलं.

"मंग वाचा," त्या म्हणाल्या. "याच्यात तारीख कुठं असते, ते दाखवा आंदी."